अक्षरे मोजणारा हकीम

बगदादमधल्या एका श्रीमंत व्यापाऱ्याची गोष्ट जुन्या अरबी चरित्रग्रंथांत सांगितलेली आहे. व्यापाराचा सगळा कारभार त्याचा मुलगा पाहत असे. कोणाकडून किती येणे, कोणाचे किती देणे, कुठला माल कुणाच्या ताब्यात, हे सारे त्या मुलाच्याच डोक्यात. एके दिवशी मुलाला अचानक झटका आला. हालचाल थांबली, वाचा बंद झाली. शहरातले वैद्य येऊन गेले, पण गुण येईना. बापाला दुहेरी घोर लागला. मुलगा हातचा जातो आहे आणि त्याच्याबरोबर सगळा हिशेबही.

शेजारीच एक विद्वान हकीम राहत होते. व्यापारी एरवी त्यांची निंदानालस्ती करण्यात पुढे असे. पण आता अडला होता. मध्यस्थ घालून त्याने त्यांना बोलावले. हकिमांनी मुलाची नाडी पाहिली. मग ऊद हे तंतुवाद्य वाजवण्यात तरबेज असलेल्या आपल्या चार शिष्यांना बोलावून घेतले आणि एक विशिष्ट धून न थांबता वाजवायला सांगितली. हळूहळू नाडी सुधारली, श्वास खोल झाला, मुलाने डोळे उघडले, तो उठून बसला आणि बोलू लागला. हकिमांनी बापाला सांगितले, की विचारायचे ते आत्ताच विचारून घ्या आणि लिहून ठेवा. हिशेब लिहून झाला. थोड्या वेळाने वादकांची धून चुकली आणि मुलगा पुन्हा निपचित पडला. बापाने विनवणी केली, पण हकिमांनी मान हलवली. मुलाच्या आयुष्याचे जेवढे शिल्लक होते तेवढे वापरून झाले होते.

हे हकीम म्हणजे अबू युसुफ याकूब इब्न इसहाक अल्-किंदी. नवव्या शतकातले तत्त्वज्ञ, गणिती आणि वैद्य. गोष्टीत अतिशयोक्ती असणारच. झटका आलेला रुग्ण केवळ संगीताने उठून बसतो, असे आजचे वैद्यकशास्त्र मानत नाही. पण तिच्यातले दोन तपशील किंदींच्या स्वभावाशी तंतोतंत जुळतात. वाद्ये वाजत होती तोवर त्यांचा हात रुग्णाच्या नाडीवर होता. आणि मुलगा बोलू लागताच त्यांनी सगळे कागदावर उतरवून घ्यायला लावले. पाहायचे, मोजायचे आणि लिहून ठेवायचे, ही त्यांची रीत. याच रीतीने त्यांनी आणखी एक बंद कुलूप उघडले. गुप्त लिपीत लिहिलेले पत्र, त्याची किल्ली हाती नसताना, केवळ अक्षरे मोजून कसे वाचायचे, हे त्यांनी सांगितले. या विषयावरचे जगातले सर्वांत जुने उपलब्ध लेखन त्यांचेच आहे.

कूफा ते बगदाद

किंदींचा जन्म इ. स. ८०१च्या सुमारास आजच्या इराकमधील कूफा या शहरात झाला. वडील तिथले सुभेदार होते. किंदा ही अरबस्तानातली जुनी, मानाची टोळी. तिच्याच नावावरून अल्-किंदी हे नाव आले. शिक्षण बसरा आणि बगदाद इथे झाले.

त्या वेळचे बगदाद हे तरुण शहर होते. ७६२मध्ये वसवलेल्या या राजधानीत आठव्या शतकाच्या अखेरीस कागद बनू लागला होता. चामड्यापेक्षा स्वस्त आणि भरपूर मिळणाऱ्या कागदामुळे पुस्तके वाढली, कचेऱ्यांचा पत्रव्यवहार वाढला. ८१३ ते ८३३ या काळात गादीवर असलेला खलिफा अल्-मामून विद्येचा मोठा चाहता होता. बैत-अल्-हिक्मा, म्हणजे ज्ञानगृह, या नावाने ओळखल्या जाणाऱ्या ग्रंथालयाभोवती विद्वानांची वर्दळ असे. ग्रीक, सिरियाक, फारसी ग्रंथ अरबीत येत होते. भारतातून गेलेले ज्योतिष आणि गणितही तिथे पोचले होते. किंदींनी भारतीय अंकांवर चार भागांचा ग्रंथ लिहिला. शून्यासह दहा चिन्हांनी कोणतीही संख्या लिहिण्याची आपल्याकडची पद्धत पश्चिमेकडे पोचवणाऱ्यांत अल्-ख्वारिझ्मी यांच्याबरोबर किंदींचेही नाव घेतले जाते.

किंदी स्वतः भाषांतरकारांच्या एका गटाचे म्होरके होते. ॲरिस्टॉटलचे मेटॅफिजिक्स याच गटातल्या उस्तात नावाच्या विद्वानाने अरबीत आणले. मामूननंतर आलेल्या अल्-मुतसिम या खलिफाने आपल्या मुलाचे शिक्षण किंदींकडे सोपवले. तत्त्वज्ञानावरचा आपला मुख्य ग्रंथ किंदींनी याच खलिफाला अर्पण केला. सत्य परक्या लोकांकडून, परक्या भाषेतून आले तरी ते घ्यायला लाजू नये, हा त्यांचा आग्रह होता. पुढे अरबांचे तत्त्वज्ञ हीच त्यांची पदवी झाली.

भाषांतराच्या कामात एक गोष्ट रोज घडते. अनोळखी लिपीतल्या, अनोळखी भाषेतल्या खुणांसमोर माणूस बसतो आणि त्यातून अर्थ काढतो. गुप्त पत्र उकलणाऱ्याचे कामही फार वेगळे नसते. शिवाय अरबी भाषेचा अभ्यास तोवर बराच पुढे गेला होता. आठव्या शतकात बसऱ्यात होऊन गेलेल्या अल्-खलील या पंडिताने अरबीचा पहिला मोठा शब्दकोश रचला होता. त्याने अक्षरांचा क्रम उच्चाराच्या स्थानावरून लावला, घशातल्या आवाजापासून ओठांकडे. आपल्या वर्णमालेतला कंठ्य ते ओष्ठ्य हा क्रम माहीत असलेल्यांना ही कल्पना परकी वाटणार नाही. याच खलीलबद्दल सांगतात, की ग्रीक भाषेतले एक गुप्त पत्र त्याने महिनाभर डोके चालवून वाचले. पत्राची सुरुवात देवाच्या नावाने झाली असणार, असे त्याने गृहीत धरले आणि तेवढ्या अक्षरांवरून पुढची अक्षरे सोडवली.

खलीलची ही युक्ती होती. किंदींनी तिच्या पुढे जाऊन पद्धत दिली.

पत्र फुटते कसे

गुप्त लिपीचा सर्वांत सोपा प्रकार म्हणजे एका अक्षराच्या जागी ठरवून दुसरे अक्षर किंवा खूण लिहिणे. रोमचा ज्युलियस सीझर प्रत्येक अक्षराऐवजी तीन घरे पुढचे अक्षर लिहीत असे. हे फोडायला फार डोके लागत नाही. घरे मागे-पुढे करून पाहिली की झाले. पण अदलाबदल कशीही, क्रम न पाळता केली तर? अरबी वर्णमालेत २८ अक्षरे आहेत. त्यांची अदलाबदल जितक्या प्रकारे करता येते ती संख्या लिहायला ३० अंक लागतात. दर सेकंदाला एक लाख शक्यता तपासल्या, तरी विश्वाच्या आजवरच्या वयात ते काम संपणार नाही. म्हणूनच अशी पत्रे सुरक्षित मानली जात. करवसुलीचे आकडे, सैन्याच्या हालचाली, सुभेदारांबद्दलच्या खबरा अशा पत्रांतून जाव्यात, हे साहजिकच होते.

किंदींनी शक्यता तपासण्याचा नादच सोडला. अक्षराचे रूप बदलले तरी त्याची सवय बदलत नाही, हे त्यांनी ओळखले. प्रत्येक भाषेत काही अक्षरे वारंवार येतात, काही क्वचित. लिहिणाऱ्याने अक्षरावर मुखवटा चढवला, तरी ते किती वेळा येते हे त्याला लपवता येत नाही.

म्हणून त्यांनी सांगितलेली रीत अशी. पत्र ज्या भाषेत आहे, त्याच भाषेतला एखादा साधा, पुरेसा लांब मजकूर घ्यावा. त्यातले प्रत्येक अक्षर किती वेळा आले ते मोजावे आणि सर्वांत जास्त, त्याखालोखाल, असा क्रम लावावा. मग गुप्त पत्रातल्या खुणाही तशाच मोजाव्यात. सर्वांत जास्त वेळा आलेली खूण म्हणजे बहुधा भाषेतले सर्वांत जास्त येणारे अक्षर. दुसरी खूण म्हणजे दुसरे अक्षर. असे लावत जावे.

ही मोजणी त्यांनी नुसती सुचवली नाही, स्वतः केली. ३६६७ अक्षरांचा एक अरबी मजकूर घेऊन त्यांनी प्रत्येक अक्षराची संख्या नोंदवली. अलिफ ६०० वेळा, लाम ४३७ वेळा, असा तो तक्ता उतरत जातो. अलिफ आणि लाम वर का, हे अरबी जाणणाऱ्याला लगेच कळते. नामांआधी सतत लागणारा अल् हा उपसर्ग याच दोन अक्षरांचा आहे. आज संगणक हे काम क्षणात करतो. किंदींनी ते बोरू हातात धरून केले. एखाद्या मजकुराचा अर्थ बाजूला ठेवून त्यातली अक्षरे धान्याच्या दाण्यांसारखी मोजण्याची कल्पना त्या काळी किती अनोखी असेल, हे सहज ध्यानात येते.

पण मोजणी म्हणजे सगळे नव्हे, हेही त्यांनी बजावले. मजकूर लहान असला तर आकडे फसवतात. चार-दोन ओळींत नेहमीचे अक्षर कमी आणि दुर्मीळ अक्षर जास्त येऊ शकते. तिथे भाषेची इतर बंधने उपयोगी पडतात. कोणती अक्षरे शेजारी-शेजारी येतात, कोणती कधीच येत नाहीत, पत्राची सुरुवात सहसा कोणत्या शब्दांनी होते, हे पाहावे. म्हणजे आधी आकडा, मग भाषेचे ज्ञान, मग अंदाज, आणि अंदाज चुकला तर मागे येऊन पुन्हा सुरुवात.

मराठीत करून पाहिले तर

ही रीत कशी चालते ते एका छोट्या मराठी उदाहरणावरून समजते. स्वर आणि काना-मात्रा तशाच ठेवून फक्त व्यंजने बदललेली दोन वाक्ये अशी: पाश ङाठाशल आवी आळे. याव उथलवा आळे.

ङ या अक्षराने मराठी शब्द सुरू होत नाही. म्हणजे वाक्ये सांकेतिक आहेत हे उघड आहे. दोन्ही वाक्यांच्या शेवटी ‘आळे’ हा एकच शब्द आहे. मराठी वाक्याच्या शेवटी वारंवार येणारा आणि या मापात बसणारा शब्द म्हणजे ‘आहे’. म्हणजे ळ ही ह ची खूण. त्याच्या आधीचा शब्द ‘आवी’. ‘आहे’च्या आधी क्रियापदाचे रूप येणार. ‘आली’ बसते, म्हणजे व ही ल ची खूण. दुसऱ्या वाक्यात ‘उथलवा’चा शेवट आता ‘ला’ झाला. उ, मग दोन अक्षरे, मग ला. ‘उतरला’ हा शब्द डोळ्यांपुढे येतो. थ म्हणजे त आणि ल म्हणजे र. त्याच्या आधीचा शब्द ‘याव’ म्हणजे काना असलेले एक अक्षर आणि ल. काल, चाल, माल यांपैकी उतरणारा, पुल्लिंगी शब्द म्हणजे ‘माल’. पहिल्या वाक्यातला मोठा शब्द आता र ने संपतो. माल उतरतो कुठे? ‘घाटावर’ अगदी नेमका बसतो. त्यातून श म्हणजे व हे मिळते. उरला ‘पाश’. गाव, भाव, नाव यांपैकी ‘आली आहे’ या स्त्रीलिंगी क्रियापदाशी जुळते ती ‘नाव’. मजकूर असा: नाव घाटावर आली आहे. माल उतरला आहे.

इथे किंदींचा इशाराही खरा ठरतो. या दोन वाक्यांत सर्वांत जास्त वेळा आलेले व्यंजन म्हणजे व ने दाखवलेला ल. तो तीनदा आला. म्हणून ल हे मराठीतले सर्वांत जास्त येणारे अक्षर, असा निष्कर्ष काढला तर फसगत होईल. एवढ्या लहान मजकुरात मोजणीपेक्षा व्याकरणच कामाला आले. मजकूर पानभर असता तर चित्र बदलले असते. र, त, य, न ही नेहमीची अक्षरे वर आली असती, ढ, छ, झ तळाला राहिली असती आणि मोजणीने बरेचसे काम केले असते.

मराठीला गुप्त लिपी नवी नाही. महानुभाव पंथीयांनी आपले ग्रंथ सकळ, सुंदरी अशा सांकेतिक लिप्यांत लिहून ठेवले होते. सकळ लिपीत एका अक्षराच्या जागी दुसरी खूण येते. या लिपीमुळे मराठीतले आद्य गद्य ग्रंथ पंथाबाहेरच्या वाचकांना कित्येक शतके बंद होते. विसाव्या शतकाच्या सुरुवातीला इतिहासाचार्य वि. का. राजवाडे यांनी या लिपीची उकल केली आणि ते भांडार खुले होण्याची वाट मोकळी झाली.

औषधाचेही गणित

अक्षरांना मोजपट्टी लावणारे किंदी औषधांनाही तीच लावू पाहत होते. त्या काळचे वैद्यक गेलन या ग्रीक वैद्याच्या विचारांवर चाले. औषधे उष्ण, थंड, कोरडी, ओली अशा गुणांची मानली जात आणि गुणाची तीव्रता पहिल्या ते चौथ्या पायरीपर्यंत सांगितली जाई. एकच वनस्पती असेल तर ठीक. पण दहा जिन्नसांच्या काढ्याची पायरी कोणती? ते वैद्याच्या अंदाजावर सोडलेले असे. एकाचा अंदाज दुसऱ्याशी जुळेलच असे नाही, आणि त्याची किंमत रुग्ण मोजत असे.

किंदींनी याला गणिती नियम सुचवला. मिश्रणात उष्ण आणि थंड भाग सारखे असतील तर औषध सम. उष्ण भाग थंडाच्या दुप्पट झाला की पहिली पायरी, चौपट झाला की दुसरी, आठपट म्हणजे तिसरी आणि सोळापट म्हणजे चौथी. पायरी एकेकाने वाढते, पण तिच्यासाठी प्रमाण दर वेळी दुप्पट करावे लागते. प्रत्येक जिन्नसाचे वजन आणि गुण ठाऊक असेल, तर मिश्रणाचा गुण हिशेबाने काढता येईल, असा त्यांचा दावा होता.

आज उष्ण-थंडाची ही उपपत्ती वैद्यकात राहिलेली नाही. त्यामुळे त्यांच्या तक्त्यावरून कोणी औषध बनवणार नाही, बनवूही नये. पण मात्रा आणि परिणाम यांचे नाते आकड्यांत मांडता आले पाहिजे, ही मागणी मात्र औषधशास्त्राने पुढे आपलीशी केली. बाराव्या शतकात हा ग्रंथ लॅटिनमध्ये गेला आणि युरोपातल्या वैद्यांनी त्यावर वाद घातले. स्पेनमधल्या इब्न रुश्द या तत्त्वज्ञ वैद्याने त्यातल्या गणितावर कडक टीका केली. टीका करता आली, हेही गणितामुळेच. अंदाजाशी वाद घालता येत नाही, आकड्याशी घालता येतो.

याखेरीज त्यांनी अत्तरे आणि ऊर्ध्वपातन यांवर लिहिले. दृष्टी, भरती-ओहोटी, आकाशाचा निळा रंग यांवर लिहिले. हलक्या धातूचे सोने करून देतो म्हणणाऱ्या किमयागारांचा खोटेपणा उघड करणारे लेखनही केले. दहाव्या शतकात बगदादच्या इब्न अल्-नदीम या ग्रंथविक्रेत्याने केलेल्या सूचीत किंदींच्या नावावर अडीचशेच्या आसपास पुस्तके आणि टिपणे आहेत.

कुलुपात पडलेली पुस्तके

८४७मध्ये अल्-मुतवक्किल खलिफा झाला आणि वारे फिरले. किंदींचे आधीचे तीन आश्रयदाते ज्या मोकळ्या विचारांना जवळचे होते, त्यांच्यावर नव्या खलिफाची मर्जी नव्हती. दरबारात मुहम्मद आणि अहमद या बनू मूसा घराण्यातल्या दोघा भावांचे वजन होते. दोघेही नामांकित गणिती आणि यंत्रविद्येचे जाणकार. पण तोडीच्या दुसऱ्या विद्वानाला दरबारात टिकू द्यायचे नाही, असा त्यांचा खाक्या होता. त्यांनी खलिफाचे कान भरले. किंदींना मार खावा लागला. त्यांचा सगळा ग्रंथसंग्रह जप्त होऊन या भावांच्या ताब्यात गेला.

साठीकडे झुकलेल्या विद्वानाकडून त्याची पुस्तके काढून घेणे ही शिक्षा मारापेक्षा मोठी होती. हाताने नकललेल्या ग्रंथांच्या त्या काळात गेलेली प्रत पुन्हा मिळण्याची खात्री नसे.

ही पुस्तके परत कशी आली, याची हकिकत तेराव्या शतकातल्या इब्न अबी उसैबिया या वैद्य चरित्रकाराने दिली आहे. खलिफाने आपल्या नव्या नगरीसाठी कालवा खणण्याचे काम बनू मूसा भावांकडे दिले होते. त्यांनी ते आपल्या मर्जीतल्या माणसाकडे सोपवले आणि मोजणीत चूक झाली. कालव्याचे तोंड पुढच्या भागापेक्षा खोल खणले गेले. नदीला भरपूर पाणी नसेल तेव्हा कालवा कोरडाच राहणार होता. खलिफाच्या कानावर कुणकुण गेली. तपासणीसाठी सनद इब्न अली या जाणकाराला बोलावणे आले. चूक सिद्ध झाली तर भावांना कालव्याच्या काठावरच सुळी देण्याची धमकी खलिफाने दिली होती.

हादरलेले भाऊ सनदकडे धावले. त्याने एकच अट घातली. आधी किंदींची पुस्तके परत करा. सगळी पुस्तके पोचल्याचे किंदींच्या हातचे पत्र आल्यावरच सनदने तोंड उघडले. नदीला तेव्हा पूर होता, त्यामुळे पुढचे चार महिने चूक दिसणार नव्हती. तेवढ्या काळात खलिफाच जिवंत राहणार नाही, असे ज्योतिषी सांगत होते. सनदने कालवा ठीक असल्याचा निर्वाळा दिला. पाणी ओसरण्याआधीच, ८६१च्या डिसेंबरात मुतवक्किलचा खून झाला आणि भाऊ वाचले. अक्षरे मोजणाऱ्याची पुस्तके अशी दुसऱ्याच्या चुकलेल्या मोजणीमुळे सुटली.

किंदींनी दुःखावर उपाय सांगणारे एक पुस्तकही लिहिले आहे. आवडती वस्तू हरवली किंवा हवी ती मिळाली नाही, की दुःख होते. या जगातल्या वस्तू हरवणारच, म्हणून मनाची सारी मदार त्यांच्यावर ठेवू नये, असे त्याचे सार. त्यात गलबतातल्या प्रवाशांचा दृष्टान्त आहे. वाटेत गलबत किनाऱ्याला लागते. काही प्रवासी काम उरकून लगेच परततात आणि ऐसपैस जागा मिळवतात. काही फुले, फळे, रंगीत दगड गोळा करत बसतात आणि शेवटी त्या ओझ्यासह दाटीवाटीत अवघडून प्रवास करतात. वैद्याने मनाच्या दुखण्यालाही शरीराच्या दुखण्याइतकेच मानले पाहिजे, ही त्यामागची भूमिका आहे.

८७३च्या सुमारास बगदादमध्ये किंदींचे निधन झाले. जुने चरित्रकार सांगतात, की त्यांना गुडघ्याचा जुना विकार होता. त्यावर ते जुने मद्य औषध म्हणून घेत. पुढे ते सोडून त्यांनी मधाचे पाणी सुरू केले, पण त्याने गुण आला नाही आणि दुखणे वाढत जाऊन त्यातच त्यांचा अंत झाला. शेवटच्या काळात ते एकटे पडले होते.

अकरा शतकांनंतर

त्यांच्या पुस्तकांपैकी बहुतेक काळाच्या ओघात नाहीशी झाली. काही केवळ लॅटिन भाषांतरामुळे उरली. सोळाव्या शतकातल्या इटालियन गणिती आणि वैद्य कार्डानोने जगातल्या बारा श्रेष्ठ बुद्धिमंतांत किंदींची गणना केली.

अक्षरमोजणीची रीत मात्र जगाच्या इतिहासात आपले काम करत राहिली. पंधराव्या शतकात इटलीत लिऑन बत्तिस्ता अल्बेर्ती याने मोजणीला चकवण्यासाठी एकाच पत्रात अनेक वर्णमाला आलटून-पालटून वापरण्याची कल्पना मांडली. ज्यांनी जुन्याच पद्धतीवर विश्वास ठेवला, त्यांना ते महागात पडले. स्कॉटलंडच्या राणी मेरीने कैदेतून पाठवलेली सांकेतिक पत्रे १५८६मध्ये इंग्लंडच्या हेरखात्याने वाचली. आपली लिपी कोणी फोडू शकणार नाही या भरवशावर तिने कटाला संमती लिहून दिली होती. १५८७च्या फेब्रुवारीत तिचा शिरच्छेद झाला. आजच्या बँकव्यवहारात आणि मोबाइल संदेशांत वापरल्या जाणाऱ्या सांकेतिक पद्धती मूळ मजकुराची अशी एकही सवय बाहेर दिसू नये, या बेताने घडवलेल्या असतात.

आणि ज्या पुस्तिकेत ही रीत प्रथम लिहिली गेली ती? तिचे नाव जुन्या सूचीत होते, पण ग्रंथ कोणाच्या हाती नव्हता. विसाव्या शतकात इस्तंबूलच्या सुलेमानिया ग्रंथालयात जुन्या हस्तलिखितांमध्ये तिची प्रत मिळाली. दमास्कसच्या अभ्यासकांनी ती वाचून, संपादित करून १९८७मध्ये प्रसिद्ध केली. तोवर या विषयाच्या इतिहासात गुप्तलिपी फोडण्याच्या शास्त्राचा उगम युरोपातल्या प्रबोधनकाळात शोधण्याची पद्धत होती. काही पानांच्या त्या हस्तलिखिताने तो इतिहास सहाशे वर्षांनी मागे नेला.

जप्तीतून सुटलेले, नकलाकारांच्या हातांतून गेलेले आणि ग्रंथालयाच्या फडताळात वाट पाहत पडलेले ते टिपण आज कोणीही वाचू शकतो. त्यातली रीत पडताळून पाहायला यंत्र लागत नाही. कालच्या वर्तमानपत्राचे एक पान, पेन्सिल आणि तासभर चिकाटी एवढे पुरते.